मोरिओ गावात चिकटलेले आवाज



ह्या पानांवर सहसा कीर्तनांच्या जुन्या वह्या, थोरामोठ्यांची चरित्रे आणि गावाकडच्या आठवणी येतात. आज आम्ही एका जपानी चित्रकथेविषयी लिहिणार आहोत. चित्रकथा म्हटल्यावर काही जण पान उलटतील, हे आम्ही जाणून आहोत. आम्हीही उलटलेच असते. परंतु आमच्या नातीने हट्ट धरला, आणि त्या हट्टापायी जे वाचले त्याने आम्हांस चारदोन रात्री जागे ठेवले. म्हणून हा परिचय.

नात पंधरा वर्षांची आहे. आम्हांला ती 'सावता' म्हणते. मराठी तिला समजते, बोलत मात्र नाही. एके शब्बाथी हवदाला आटोपल्यावर तिने एक जाड पुस्तक आमच्या मांडीवर आणून ठेवले आणि हिब्रूतून म्हणाली, "सावता, तू नेहमी म्हणतेस ना, बोललेला शब्द कुठे जात नाही म्हणून? ह्यात एक मुलगा आहे, त्याचा शब्द खरोखरच जात नाही." आम्ही चष्मा लावला आणि वाचावयास बसलो. पुस्तक उजवीकडून उघडते, अगदी आपल्या सिदूरसारखे. तेवढ्याने अर्धा परकेपणा गेला.

पुस्तकाचे नाव 'जोजोज बिझार ॲडव्हेंचर', आणि त्यातील हा चौथा भाग, 'डायमंड इज अनब्रेकेबल'. कर्ते हिरोहिको अराकी. हे गृहस्थ १९६० साली जपानच्या ईशान्येकडील सेंदाई शहरात जन्मले. हा भाग १९९२ ते १९९५ ह्या काळात 'शोनेन जंप' ह्या मुलांच्या साप्ताहिकातून क्रमशः छापून आला. एकंदर प्रकरणे १७४. पुढे २०१६ साली त्यावर ३९ भागांची दूरचित्रवाणी मालिका निघाली. नातीच्या खोलीतून रोज संध्याकाळी येणारा आरडाओरडा तो हाच, हे आम्हांस उशिरा कळले. इंग्रजी अनुवाद नऊ खंडांत मिळतो, आणि आम्ही तोच वाचला. इस्पितळात जन्मभर औषधांच्या बाटल्यांवरचे बारीक इंग्रजी वाचले, त्याचा येथे उपयोग झाला.

कथा घडते मोरिओ नावाच्या गावी, १९९९ साली. गाव काल्पनिक आहे. लेखक त्याचा पत्ता 'एम प्रांत, एस शहर' एवढाच देतात. परंतु मियागी प्रांत आणि सेंदाई शहर हे कोणाही जपानी वाचकाच्या लगेच ध्यानात येते. सेंदाईला जपानीत वृक्षराजीचे शहर म्हणतात. त्या बिरुदात झाडीसाठी जे अक्षर आहे तेच मोरिओच्या नावात पहिले आहे. ज्या मुलाविषयी आम्ही लिहिणार आहोत तो कोइची हिरोसे, आणि सेंदाई शहरातून वाहणाऱ्या नदीचे नावही हिरोसेच.

ह्या शहराला कान आहेत, असे म्हणावयास आधार आहे. १९९६ साली जपानच्या पर्यावरण खात्याने देशभरातील जपून ठेवण्याजोग्या शंभर आवाजांची यादी केली. त्यात सेंदाईचे दोन आवाज आहेत. एक मियागिनो भागातील सुझुमुशीचा, म्हणजे घुंगरासारखा किणकिणणाऱ्या एका रातकिड्याचा. दुसरा हिरोसे नदीवरील काजिका बेडकांचा व पाखरांचा. यादी कथेनंतरची आहे. परंतु आवाज ही जपून ठेवण्याची वस्तू आहे ही समजूत एका वर्षात तयार होत नसते.

आता कथेतील युक्ती सांगतो. मोरिओत काही माणसांच्या पाठीशी एकेक शक्ती उभी असते. तिला 'स्टँड' असे नाव आहे. आपण पाठीराखा म्हणतो, तसेच काहीसे. फरक इतकाच की हा पाठीराखा माणसाच्या स्वभावातून उगवतो आणि सामान्यांना दिसत नाही. मुख्य नायक जोसुके हिगाशिकाता. त्याची शक्ती मोडलेले जोडण्याची. कोइची त्याचा शाळासोबती. बुटका, भिडस्त, कोणी दरडावले की गप्प बसणारा. एका जादूच्या बाणाने तो मरणाच्या दारी जातो, जोसुके त्याला वाचवतो, आणि त्यानंतर त्याच्या पाठीशी जे उभे राहते त्याचे नाव 'एकोज', म्हणजे प्रतिध्वनी. आरंभी ते निव्वळ एक अंडे असते. अंडे फुटून जो बाहेर येतो तो आवाज उचलून वस्तूंवर आणि माणसांवर चिकटवू शकतो. आवाज तेथे अक्षरांच्या रूपाने बसतो आणि पुनःपुन्हा ऐकू येत राहतो. ज्याच्या अंगावर तो बसला त्याला कान झाकून सुटका नाही.

लेखकाने ही शक्ती शूर जोसुकेला दिली नाही. ज्याचा आवाज घरात कोणी ऐकत नव्हते त्या मुलाला दिली. ही निवड विचारपूर्वक आहे.

पहिला सामना होतो तामामी कोबायाशी नावाच्या एका लुच्च्याशी. रस्त्यावर पोते टाकून ठेवायचे, कोइचीची सायकल त्यावरून गेली की आत मांजर होते, ते मेले, असे भासवायचे आणि पैसे उकळायचे, हा त्याचा धंदा. त्याच्याही पाठीशी एक शक्ती आहे. ज्याला अपराधी वाटू लागेल त्याच्या छातीवर ती एक कुलूप लटकवते. अपराधाची भावना जितकी मोठी, तितके कुलूप जड. पुढे हा माणूस कोइचीच्या घरी येतो आणि त्याच्या आईच्या मनात खोटा अपराध पेरतो. आईच्या छातीवर कुलूप बसते. मुलगा तोंडाने सांगून थकतो. अखेर तो आपल्या शक्तीने आईच्या अंगावर एकच शब्द चिकटवतो. त्याचा अर्थ, माझ्यावर विश्वास ठेव. तो शब्द आईच्या आत वाजत राहतो, आणि कुलूप गळून पडते.

आमच्या मते सबंध नऊ खंडांतील सर्वोत्तम जागा हीच. येथे मारामारी असूनही नसल्यासारखी आहे. एका बाजूस खोट्या बोलण्याने आलेले ओझे, दुसऱ्या बाजूस खऱ्या बोलण्याचा ठसा, आणि मधे एक साधी बाई. लेखकाला काय कळले आहे पाहा: आवाजाची खूण बोलणाऱ्याच्या अंगावर राहत नाही, ती ऐकणाऱ्याच्या अंगावर राहते. तामामी निर्धास्त फिरतो आणि कुलूप आई वागवते.

दुसऱ्या टप्प्यात शक्ती वाढते. आता कोइची जो ध्वनिशब्द एखाद्या वस्तूवर ठेवील, त्याचा गुण त्या वस्तूला येतो. चर्रर्र असा तळणीचा शब्द ठेवला की हात लावणारा भाजतो. सोसाट्याचा शब्द ठेवला की माणूस उडून जातो. इंग्रजीत ह्या जागांचे फार हाल होतात, कारण ध्वनिशब्द हे तेथे पोरांचे खेळणे समजतात. मराठी वाचकाला मात्र हे समजावून सांगावे लागत नाही. आपण शाळेत व्याकरणाच्या तासाला अनुकरणवाचक शब्दांच्या याद्या पाठ केल्या आहेत: खळखळ, कडकडाट, छमछम, वटवट. जपानी भाषेत अशा शब्दांचे दोन मोठे वर्ग आहेत. एक खऱ्या आवाजाची नक्कल करणाऱ्यांचा, गिओंगो. दुसरा गिताइगो, ज्यांत आवाज मुळीच नसतो, तर स्थितीचे किंवा भावनेचे ध्वनिरूप असते. अगदी शांततेलाही जपानी चित्रकथेत 'शीऽन' असा ध्वनी असतो! आपल्याकडेही तेच नाही काय? झगमग डोळ्यांना दिसते, तिला आवाज कुठला? धाकधूक मनात होते. हुरहुर तर कोणालाच ऐकू येत नाही. आणि कढईतला जो चर्र, तोच वाईट बातमी ऐकल्यावर काळजात होतो. अराकींनी ज्या कल्पनेसाठी एक अद्भुत प्राणी उभा केला, ती मराठीने एका वाक्प्रचारात केव्हाच बसवून टाकली आहे. आवाज येतो, काळजावर पडतो आणि भाजतो.

नातीला आम्ही हे सांगितले तेव्हा ती 'हुरहुर' ह्या शब्दाशी अडली. हिब्रूत ह्याला काय म्हणतात, असे तिने विचारले. आम्ही पुष्कळ शब्द सुचवले. एकही बसला नाही. मग तिने तो तसाच हिब्रू अक्षरांत आपल्या वहीत उतरवून घेतला.

ह्याच टप्प्यात युकाको यामागिशी नावाच्या मुलीचे प्रकरण येते. तिचे कोइचीवर प्रेम बसते, आणि प्रेमाच्या नावाखाली ती त्याला समुद्रकाठच्या एका घरात डांबून ठेवते. झटापटीच्या शेवटी ती कड्यावरून खाली पडते. खालच्या खडकावर कोइचीने आधीच 'बोयोयोन' हा ध्वनिशब्द ठेवलेला असतो, म्हणजे रबराचा चेंडू उसळावा तसा आवाज. ती खडकावर आपटण्याऐवजी उसळते आणि वाचते. ज्या मुलीने छळले तिच्यासाठी त्याने शब्द अंथरून ठेवला होता. पुढे मोरिओच्या लोकांत त्या जागेचे नावच 'बोयोयोन'चे भूशिर असे पडते. ज्यांनी कोइचीची शक्ती कधी पाहिली नाही तेही हे नाव घेतात.

हे वाचताना आम्हांला थेट अलिबाग तालुका आठवला. खंडाळ्याजवळ खडकावर ज्या खुणा आहेत त्यांना आपले लोक एलियाहू हन्नबीचा टापा म्हणतात. आम्ही लहानपणी आईबरोबर बैलगाडीतून तेथे गेलो होतो. टापा पाहिल्या, घोडा काही पाहिला नाही. तरी परत येताना टापांचा आवाज ऐकल्याची शपथ आम्ही भावंडांनी घेतली होती. खडकावरच्या खुणेतून आवाज ऐकू येणे, आणि आवाजातून खडकाला नाव मिळणे, ह्या दोन्ही गोष्टी आपल्याला नव्या नाहीत.

ध्वनी दिसतो, उरतो, गोठतो ही कल्पना जगात जुनी आहे. फ्रेंच लेखक राबले ह्यांच्या सोळाव्या शतकातील कथेत समुद्रावर गोठलेले शब्द सापडतात, आणि ते वितळताच जुन्या लढाईचा कोलाहल ऐकू येतो. चार्ल्स बॅबेज ह्या इंग्रज गणितज्ञाने १८३७ साली असे मांडले की माणसाने उच्चारलेला प्रत्येक शब्द हवेत कायमचा नोंदला जातो. हवा हेच एक अफाट ग्रंथालय. पण आपल्याला इतके दूर जावयास नको. सिनाय पर्वतापाशी आपल्या पूर्वजांनी आवाज पाहिले, असे तोराच्या दुसऱ्या पुस्तकात, विसाव्या अध्यायात, स्पष्ट आहे. ऐकले असे तेथे नाही, पाहिले असेच आहे. रब्बी इश्माएल म्हणत की लोकांनी दिसण्याजोगे पाहिले आणि ऐकण्याजोगे ऐकले. रब्बी अकिवा म्हणत की नाही, जे ऐकावयाचे तेच त्यांनी डोळ्यांनी पाहिले. कोइचीच्या आईच्या अंगावरची अक्षरे पाहून आम्ही ह्या वादात रब्बी अकिवांच्या बाजूला गेलो, हे कबूल करतो.

आणि वाईट बोलण्याची खूण? मोशे रब्बेनूंविषयी बोलल्यावर मिर्यामच्या अंगावर पांढरे डाग उठले. घरांच्या भिंतींवर उठणाऱ्या डागांचे नियम वायिक्राच्या पुस्तकात आहेत, आणि आपल्या जाणत्या लोकांनी असे डाग निंदेशी जोडले आहेत. किप्पूरच्या दिवशी आपण ज्या पापांची कबुली देतो त्यांत जिभेची किती आहेत, हे सिदूर उघडून मोजावे. मोरिओ गाव आपल्या भिंतींपासून फार लांब नाही.

आता पुस्तकातील उणिवा.

पहिली उणीव मोठी आहे. कोइचीच्या शक्तीला तिसरा टप्पा येतो, आणि त्यात आवाज जवळजवळ नाहीसाच होतो. आता ती वस्तूंना जड करते, जमिनीशी खिळवते. कथेच्या उत्तरार्धातील खुनी योशिकागे किरा ह्याच्याशी लढण्यास ही जड करण्याची युक्ती सोयीची पडली असेल; पण ज्या मुलाची ओळखच आवाजाने झाली त्याच्या हातून आवाज काढून घेऊन वजन देणे म्हणजे गवयाला पाटा-वरवंटा देण्यासारखे झाले. साप्ताहिकात दर आठवड्याला वाचकाला नवे द्यावे लागते, हे आम्ही समजू शकतो. तरी लेखकाने आपल्या उत्तम कल्पनेला अर्ध्यावर सोडले हा दोष राहतोच.

दुसरी उणीव युकाकोच्या प्रकरणाची. मुलीने मुलाला कोंडून ठेवणे हे पुढे हसण्यावारी नेले आहे आणि त्यांचे सूतही जुळवले आहे. आम्ही प्रेमाच्या नावाखाली झालेल्या जखमा बांधल्या आहेत. आम्हांला त्यात हसण्यासारखे काही दिसले नाही. तसेच किराच्या प्रकरणांत कापलेले हात वगैरे प्रकार आहेत. पंधरा वर्षांखालील मुलांच्या हाती हे खंड देऊ नयेत.

तिसरी गोष्ट उणीव म्हणावी की काय, हे ठरवण्यातच आमच्या रात्री गेल्या. कथेत कोइचीला आपला आवाज परत घेता येतो. काम झाले की अक्षरे निघून त्याच्याकडे येतात. खडकावरचा 'बोयोयोन'ही त्याच्या शक्तीच्या शेपटीचे टोक होता. शेपटी परत गेली, खडक पुन्हा खडक झाला. हे वाचून आम्ही पुस्तक मिटले. कारण आमच्या अनुभवाला हे पटेना.

तो अनुभव सांगणे भाग आहे. पुष्कळ वर्षे झाली. आम्ही एका इस्पितळात रात्रपाळीला होतो. एक वृद्ध बाई बेशुद्ध होत्या. झटका आलेला, डोळे मिटलेले, हाक मारली तरी प्रतिसाद नाही. कागदावर नाव हिब्रू. आमच्याबरोबर दुसरी एक परिचारिका होती, आपल्यापैकीच. चादर बदलताना आम्ही तिला मराठीत म्हणालो, "हिचं काही खरं नाही, सकाळ बघेलसं वाटत नाही." त्या पाळीला मराठी जाणणारी आम्हा दोघींखेरीज कोणी नाही, ह्या भरवशावर म्हणालो. बेशुद्ध माणसाजवळ जपून बोलावे, कान शेवटपर्यंत जागा असू शकतो, हे प्रशिक्षणात आम्हांला शिकवले होते, आणि नव्या मुलींना तेच आम्ही शिकवीत असू. पण ते हिब्रूत बोलण्यापुरते पाळत होतो. मराठी म्हणजे जणू घरातले कपडे. कोण पाहतो, असे वाटे.

चौथ्या दिवशी बाईंनी डोळे उघडले. आम्ही नाडी पाहत असताना आमचा हात धरून त्या शुद्ध कोकणी वळणाच्या मराठीत म्हणाल्या, "मुली, माझं काही खरं नाही ना गं?"

त्या रोहे तालुक्याच्या होत्या. कागदावरच्या नावामागे त्यांचे पाळण्यातले मराठी नाव होते, ते आम्ही विचारले नव्हते. त्यांनी तक्रार केली नाही. मुलाबाळांनाही सांगितले नाही. बऱ्या होऊन घरी गेल्या आणि पुढे अकरा वर्षे जगल्या. मालिद्याला, लग्नाला, कुठेही भेटल्या की दुरूनच हसून म्हणत, "आल्या बघा! अगं, माझं काही खरं नाही." लोकांना ती त्यांची लकब वाटे, काही जण त्यांना त्याच नावाने ओळखू लागले. त्यांच्या मुलीने एकदा आम्हांस सांगितले की आई रात्री दिवा मालवू देत नाही, अंधारात कोणी तरी काही तरी बोलेल म्हणते. त्या मुलीला आम्ही काय उत्तर देणार होतो? आम्ही गप्प राहिलो.

तामामीचे कुलूप आमच्या छातीवर तेव्हापासून आहे. आणि ह्यात तामामीही आम्हीच आहोत.

आवाज परत घेता येत नाही. आम्ही क्षमा मागितली होती, एकदा नव्हे, दर किप्पूरच्या आधी मागत होतो. त्या हसून "झालं गेलं" म्हणत, आणि दिवा जळतच राही. म्हणून कोइची आपली अक्षरे सहज काढून घेतो त्या पानावर आमचे लेखकाशी भांडण झाले. नातीजवळ ते बोलून दाखवले, तेव्हा ती म्हणाली, "पण सावता, त्याने तामामीचा शब्द कुठे काढला? त्याने स्वतःचा शब्द त्याच्यावर ठेवला."

आम्ही पुन्हा तो खंड उघडून पाहिले. पोर बरोबर होती. आईच्या मनात तामामीने जे पेरले ते कोणी उपटून टाकत नाही. मुलाचा शब्द त्याच्यावर येऊन बसतो आणि अधिक मोठ्याने वाजतो. कुलूप गळते ते त्यामुळे. म्हणजे लेखकाने आपल्या गावचा खरा नियम एका जागी अचूक दाखवला आणि मग सोयीसाठी तो सैल केला. स्वतःचा आवाज परत घेणे ही जादू झाली; दुसऱ्याच्या आवाजावर खरा आवाज ठेवणे, हे मात्र जादूवाचून होते. त्याला दोन अटी आहेत, आणि दोन्ही त्या प्रसंगात आहेत. जवळ जावे लागते, आणि मनापासून बोलावे लागते. लांबून, कागदावरून, पोटात एक ठेवून बोललेला शब्द चिकटत नाही.

आपल्या समाजाला हे दोन्ही बाजूंनी ठाऊक असावयास हवे. परंपरा सांगते की नौगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटले, सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या, ग्रंथ सारे बुडाले. लिहिलेले गेले, आणि 'शेमा' एवढा एक आवाज ओठांवर राहिला. पिढ्यान्‌पिढ्या तो आईने मुलाच्या अंगावर ठेवला, आणि पुढे दाविद रहाबींनी आपल्याला ओळखले. आणि दुसरी बाजू: १९६२ साली येथे आपल्या विवाहांविषयी जे शब्द बोलले गेले ते १९६४ साली क्नेसेटच्या ठरावाने दूर केले असे इतिहासात लिहिले आहे. ज्यांच्यावर ते बोलले गेले त्यांच्यापैकी कोणाही वृद्धाला विचारून पाहा, ते दूर झाले काय. आणि हे विचारताना आपण आपल्याच माणसांना गोरे आणि काळे म्हणून मशिदीत कसे वेगळे बसवीत होतो, तेही आठवावे. ते शब्द आपले होते. ते आपण कोणाच्या अंगावर ठेवले?

असो. पुस्तकाकडे परत येतो.

मोरिओ गावाने खऱ्या सेंदाईवर आपला ठसा ठेवला, हेही येथे नमूद केले पाहिजे. २०११ च्या ११ मार्चला त्या किनाऱ्यावर भूकंप व समुद्राची लाट येऊन केवढा विध्वंस झाला ते सर्वांस माहीत आहे. पुढच्याच वर्षी, २०१२ च्या उन्हाळ्यात, अराकी ह्यांच्या मूळ चित्रांचे प्रदर्शन सेंदाईच्या मीडियाथेक ह्या सभागृहात भरले. प्रदर्शनाच्या नावात शहराचा उल्लेख 'एस शहर, मोरिओ' असाच केला होता, आणि गावातील एका खऱ्या दुकानावर कथेतील 'ओसन' ह्या दुकानाची पाटी चढवली होती. मोडलेले जोडणारा नायक ज्या गावात राहतो त्याचे नाव, जे गाव नुकतेच मोडले होते, त्याने आनंदाने स्वतःवर लावून घेतले. समीक्षकांनी ह्या कथेविषयी काहीही म्हणावे, आम्हांला हीच तिची मोठी पावती वाटते.

एकंदरीत आमचे मत असे. सर्व नऊ खंड विकत घेण्याची गरज नाही. तामामीचे प्रकरण आणि त्यामागून येणारे युकाकोचे प्रकरण, एवढे जरूर वाचावे, आणि शक्यतो घरातील मुलांबरोबर बसून वाचावे. म्हणजे ध्वनिशब्दांचे मराठी त्यांना सांगता येईल आणि आपल्या चुका त्यांच्याकडून समजून घेता येतील. किराची प्रकरणे ज्याने त्याने आपल्या जबाबदारीवर वाचावीत. चित्रे प्रथम डोळ्यांना भडक वाटतात, सवयीने बरी वाटू लागतात.

त्या बाईंचे शेवटचे दुखणे आले तेव्हा आम्ही निवृत्त झालो होतो. मुलीने निरोप धाडला म्हणून गेलो. त्या पुन्हा तशाच होत्या, डोळे मिटलेले. खोलीत दिवा होता. आम्ही खुर्ची अगदी उशाशी ओढली, आणि त्यांच्या पाळण्यातल्या नावाने हाक मारून, मराठीत, बराच वेळ बोललो. काय बोललो ते येथे लिहीत नाही. शेवटी शेमा म्हटला. त्यांनी ऐकले की नाही, हे कोण सांगणार? नाडी आमच्या बोटांखाली होती, आणि ती शांत चालली होती.

नातीचा तिसरा खंड अद्याप आमच्याकडेच आहे. ती रोज मागते.

शालोम.